निळ्या बटणाचं झाकण

नेवारा नऊ वर्षांची होती तेव्हा तिनं एक भांडण ऐकलं. मुद्दाम कान देऊन नव्हे. तिच्या अंगात ताप मावत नव्हता, ऐन जर्दाळूच्या दिवसांत ती चुलीमागच्या कोनाड्यात मेंढीच्या तीन कातड्यांखाली कुडकुडत पडली होती, आणि दारात तिची आई ओशिल कुणा म्हाताऱ्या बाईशी कडाकडा भांडत होती. मध्ये पडदा. त्यामुळे दिसलं काहीच नाही, ऐकू मात्र सगळं आलं.

म्हातारीनं रश्श्याचं भांडं आणलं होतं. ओशिल म्हणत होती, आम्ही मागितलं नाही, आम्हाला नको. म्हातारीचं म्हणणं, मागितलं नाही म्हणून तर आणलं, मागितल्यावर कुणीही आणतं. मग ओशिलनं झाकण काढून बोट बुडवलं असणार, कारण मीठ जास्त झालंय यावरून दुसरं भांडण सुरू झालं, ते पहिल्याहून मोठं. म्हातारीचा पुढचा एक दात पडलेला होता. बोलताना त्या फटीतून बारीक शीळ वाजायची, आणि तेवढ्या तापातही नेवाराला तिचं हसू येत होतं.

"तोंडात दात नाही आणि तोंड बघा केवढं चालतंय," ओशिल म्हणाली.

"दाताला काही बोलू नकोस बाई. तो पडायची किती वर्षं वाट बघितली ते तुला ठाऊक नाही."

मग नाक ओढल्याचा आवाज आला, आणि त्यावर ओशिलचा.

"आता दारात उभी राहून रडतेस कशाला?"

"धूर गेला डोळ्यात."

"चूल आत आहे, आजीबाई. तू बाहेर आहेस."

म्हातारीची पावलं वाजली. ती गेली. ओशिल पुटपुटत आत आली, दारावर लोंबणाऱ्या दोरीला तिनं एक गाठ मारली आणि तो खारट रस्सा चमच्याचमच्यानं पोरीला पाजला. तीन दिवस नेवाराच्या पोटात पाण्याचा घोट ठरला नव्हता. हा रस्सा ठरला. सकाळी ताप उतरला. त्या वर्षी त्या तापानं झेमूर गावातली अकरा पोरं नेली. नेवारा राहिली.

आता न मागता दारात भांडं येणं, यात झेमूरला नवल काहीच नव्हतं. जर्दाळू वाळत घातले की खाऱ्या माळावरून गिरकी उतरते. एखाद्या खळ्याएवढी रुंद, तापल्या तव्यावरची हवा हलते तशी हलणारी. वीसेक दिवस ती गावात दावं सुटलेल्या गाईसारखी भटकते. कुणाच्या परसातून गेली तर कोंबड्या मागं मागं चालायला लागतात, विरजलेल्या दह्याचं पुन्हा दूध होतं, आणि आदल्या दिवशी केस कापून घेतलेला माणूस सकाळी झिपऱ्या घेऊन उठतो. तिच्यात शिरून डावीकडे एक गिरकी घेतली की माणूस एक दिवस मागं जातो, दोन घेतल्या की दोन दिवस. परतताना उजवीकडे तेवढ्याच घ्यायच्या. हे झालं काठाचं. आत, गिरकीच्या पोटात, एका फेऱ्याला एक वर्ष. पण पोटात कुणी जात नसे, कारण काठावरच सात फेऱ्यांत धडधाकट माणूस शेळीसारखा लोळतो. गोर्त नावाच्या एका पैलवानानं पोटात एकोणीस घेतले होते म्हणतात. तो परत आला, तीन दिवस झोपला, उठला आणि शेजाऱ्याच्या बायकोला स्वतःची बायको समजून सरपणावरून बोलू लागला.

उजवीकडे फिरून उद्याला कुणी जात नसे. उद्या आपल्या पायानं येतोच आहे, त्याला आणायला कशाला जायचं.

मागं जाऊन झालेलं बदलावं म्हटलं, तर गिरकी ते करू देत नाही. जे आलंच नव्हतं ते पोचवायला निघालं की ती माणसाला कोबीच्या गड्ड्यासारखं बाहेर फेकते. मात्र जे आलेलं आहे, ते कधीतरी कुणीतरी पाठवावंच लागतं. म्हणून झेमूरच्या प्रत्येक दारावर दोरी असते. पुढच्या दिवसांतून काही आलं की दोरीला गाठ मारायची. तसंच दुसरं आपल्या हातानं मागं पाठवलं की गाठ सोडायची. गाठ तशीच राहिली तर काय होतं, याचं उदाहरण म्हणून नेवाराची शेजारीण घेल्डा, तिच्या आज्याची शेळी सांगतात. शेळी आली, तिनं वर्षभर दूध दिलं, आणि आजा तशी शेळी मागं पाठवायचं विसरला. एका सकाळी शेळी नाही, करडं नाहीत, आणि घरातली तिन्ही पोरं कालच्यापेक्षा बोटभर बुटकी. दूध प्यालेलंच नव्हतं ना. कुणाला काही आठवेना. दोरीला गाठ तेवढी होती.

नेवाराचं एक दुःख होतं. गिरकी गेली की पोरं खळ्यात खोटी खोटी गिरकी खेळायची. हात पसरून गरागरा फिरायचं, डोळे फिरले की एकमेकांच्या अंगावर धपाधप पडायचं आणि पोट धरून हसायचं. नेवाराही फिरायची. सगळी पडली की ती मध्ये खांबासारखी उभी. तिला चक्कर येतच नसे. "काय झालं? कशाला हसता?" असं ती विचारायची आणि ती पोरं आणखी हसायची. घरी येऊन ती रडायची, की माझ्या डोक्यात काहीतरी कमी आहे. ओशिल म्हणायची, कमी नाही गं, लोखंड जास्त आहे.

ते लोखंड कामाला आलं. पंधराव्या वर्षी गावानं तिला फेरकरीण केली. म्हणजे ज्याला जे मागं पाठवायचं ते तिच्या हातून. कुणाच्या दारात गुरुवारी कांदे यायचे, "येत्या मंगळवारी तूच मला हे देणार आहेस, विसरू नकोस" असं सांगून नेवारा जायची, आणि मंगळवारी तो माणूस विसरलेला असायचाच. मग त्याच्या दारात बसून कांदे काढून घेणं हेही तिचंच काम. फेरकरणीचे नेम तीन. पाठवणारा दुसरा कुणी असेल तर घेणाऱ्याला त्याचं नाव सांगायचं नाही. गाठ मारलेली डोळ्यांनी बघितल्याशिवाय दारातून हलायचं नाही. आणि घेणाऱ्यानं दिलेला एक वाळका जर्दाळू नाकारायचा नाही, तो कितीही रागानं दिलेला असो. फेऱ्यावरून परतलं की पहिला प्रश्न एकच: "मी जेवले का?" हा विचारावाच लागतो. नाहीतर काही लबाड लोक एकच दुपारचं जेवण तीनदा जेवत, आणि घरात कुणाला पत्ता लागत नसे.

लग्नही तिचं फेऱ्यातच जुळलं. तुबाक हा पिंपं करणारा, हातानं कुशल, पण स्टुलावर चढला तरी ज्याला घेरी येते असा. एके दिवशी नेवारानं त्याला पुढच्या वर्षातून आलेले लोकरी मोजे दिले. कुणी विणले म्हणून त्यानं विचारलं. सांगायचं नसतं, ती म्हणाली. त्यानं मोजा उलटा करून टाच बघितली. टाच तिरकी होती. अख्ख्या गावात इतकी तिरकी टाच विणणारी मुलगी एकच. त्यानं गाठ मारली, जर्दाळू दिला आणि संध्याकाळी ओशिलच्या दारात हजर झाला, मागणी घालायला. पुढच्या वर्षी नेवारानं ते मोजे विणले तेव्हा टाच सरळ यावी म्हणून तिनं तीनदा उसवली. तिरकी ती तिरकीच.

ओशिल गेली ती नेवाराला दोरी देऊन. दोरीवर एकच गाठ, त्या रश्श्याची. भांडं केव्हाच फुटलं होतं, झाकण राहिलं होतं: लाकडी, आणि उचलायला मुठीऐवजी मध्ये एक निळं बटण शिवलेलं. झेमूरमध्ये बटणं हाडाची, पिवळी. निळं बटण कुणी पाहिलं नव्हतं. नेवारा वर्षानुवर्षं फेऱ्यांवर जाता जाता घराघरांतल्या म्हाताऱ्यांची तोंडं बघत राहिली, की पुढचा दात कुणाचा गेलाय. दात बऱ्याच जणींचे गेलेले. रस्सा कुणालाच माहीत नाही.

चाळिशीत ती एकदा शेजारणीकडे, घेल्डाकडे, भांडंभर रस्सा घेऊन गेली. घेल्डाचं पोर आजारी होतं. घेल्डा मानी बाई. मी कुठं मागितला, म्हणाली.

"मागितला नाहीस म्हणून तर आणला," नेवारा म्हणाली. "मागितल्यावर कुणीही आणतं."

म्हणाली आणि दारातच थबकली. घेल्डाला वाटलं हिला वात आला. नेवारानं हळूच जिभेनं पुढचा दात चाचपला. दात बैलाच्या खुंट्यासारखा घट्ट. म्हणजे इतकी वर्षं जी म्हातारी ती गावभर शोधत होती, ती अजून व्हायची होती.

घरी येऊन तिनं तुबाकला सांगितलं. तो पिंपाला पट्टी मारत होता. हातोडा खाली ठेवून म्हणाला, "मग आता काय करायचं?"

"काय करायचं म्हणजे? म्हातारं व्हायचं."

"ते तर मीही करतोय," तुबाक म्हणाला, आणि पुन्हा पट्टी मारू लागला.

दोन गोष्टी हव्या होत्या, एक पडलेला दात आणि एक निळं बटण. जुनं झाकण चालणार नव्हतं. जे आलं तेच परत पाठवायचं नाही, असा नेम आहे. तेच पाठवलं तर ते मुळात घडवलं कुणी याला उत्तर राहत नाही, आणि ज्याला घडवणारा नाही त्या भांड्यात दूध नासतं.

बटण आधी सापडलं. मुलगी इझेल लग्नाची झाली आणि खिंडीपलीकडून मुर्झान नावाचा एक पावभट्टीवाला तिला बघायला आला. लांब नाक, ओला हात, बोलताना स्वतःच्याच बोलण्यावर मान हलवायची सवय. इझेलला तो आवडला होता, पण आई काय म्हणेल याची धास्ती होती. मुर्झान दारात आला, अंगात कोट, कोटाला सहा निळी बटणं. नेवारानं त्याच्या तोंडाकडे बघितलंसुद्धा नाही.

"मुलगा पसंत आहे," ती म्हणाली.

अजून तो बसलाही नव्हता. पुढं बारा वर्षं मुर्झान खिंडीपलीकडे सांगत होता की माझ्या सासूबाईंनी मला एका नजरेत ओळखलं. सासूबाईंची ती नजर त्याच्या पोटावर होती, हे त्याला कुणी सांगितलं नाही. त्याचा अक्रोडाचा पाव मात्र नेवाराला कधी सोसला नाही. "जावईबापू, हा खायचा की भिंतीत लावायचा?" असं ती दर सणाला विचारायची. तोही शहाणा, दर सणाला आणायचा.

आता दाताची वाट. साठी झाली, पासष्ट झाली. घरातली सगळी माणसं सकाळी उठून आधी तिच्या दाताकडे बघत. इझेल माहेरी आली की विचारी, "हलतोय का गं आई?" बाजूचे दात गेले, दाढा गेल्या, हा मेला पहाऱ्यावरच्या शिपायासारखा उभा. नेवारानं मनाशी हिशेब केला होता: आपण तेव्हा नऊ वर्षांच्या होतो, म्हणजे जेवढं वय तेवढ्यात नऊ कमी इतके फेरे, तेही पोटात. पण लोखंडाचं डोकं आहे, शंभर घेऊ.

मग सत्तर वर्षं पुरी झाली आणि जे व्हायला नको ते झालं. घेल्डाचे कांदे घेऊन नेवारा काठावर गेली, सातच फेरे घ्यायचे होते, आणि पाचव्याला जमीन हलली. तिला आधी कळलंच नाही हे काय. तिला वाटलं भूकंप आहे. कांदे भलत्याच दिवशी पोचले, मग खऱ्या दिवशी पुन्हा पोचवावे लागले, आणि घेल्डाच्या दोरीला आधीपासून दोन गाठी का होत्या ते आता कळलं. म्हणजे उरलेले कांदेही मागं पाठवणं आलं. घेल्डा आठवडाभर कांद्यावाचून जेवली आणि आठवडाभर बोलली.

नेवारा घरी आली. दारातून आत येताना तिनं चौकट धरली. तुबाकनं बघितलं. बेचाळीस वर्षांत तिनं कधी चौकट धरली नव्हती.

"डोकं का?" त्यानं विचारलं.

"अहो, कांदे जड होते."

तो दोरीकडे बघत राहिला. ती एकटी गाठ एकसष्ट वर्षं तशीच होती. यंदा पाचव्या फेऱ्यालाच डोकं फिरलं. पुढल्या वर्षी गिरकी येईल तोवर ते उभं राहू देईल की नाही कुणास ठाऊक. आणि रस्सा पोचला नाही तर नऊ वर्षांची नेवारा त्या अकरा पोरांत बारावी. मग तुबाकच्या पायात मोजे कुठले, इझेल कुठली, इझेलची दोन पोरं कुठली. हे सगळं रात्रीच्या जेवणावर बोलून झालं तेव्हा जर्दाळूच्या दिवसांत इझेलबरोबर आलेला मुर्झान बराच वेळ मान हलवत बसला आणि मग म्हणाला, "पण मग मी कुणाशी लग्न केलं?"

दात पाडायचाच, असं ठरलं. घेल्डा दोरा घेऊन आली. दोऱ्याचं एक टोक दाताला, दुसरं शेळीच्या पायाला. शेळीच्या पाठीत घेल्डानं फटका मारला. शेळीनं वळून घेल्डाकडे बघितलं, नेवाराकडे बघितलं, आणि सावकाश येऊन दोरा खाऊ लागली. खात खात नेवाराच्या तोंडाशी येऊन थांबली. दोघी एकमेकींना नाक लावून उभ्या. तुबाकनं चिमटा आणला. पण बायकोचा दात उपटायचा म्हटल्यावर त्यालाच घेरी आली आणि त्याला पाणी पाजावं लागलं. तोवर गिरकी गावाच्या वरच्या अंगाला सरकली होती. आणखी दिवसभरात ती माळावर चढून जाणार, हे लहान पोरालाही दिसत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी न्याहारीला सगळे हिरमुसून बसले होते. पुढ्यात मुर्झानचा पाव. नेवारानं टोमणाही मारला नाही, गप्प एक तुकडा तोडला आणि चावला.

खळ्ळकन आवाज झाला. सगळे जागच्या जागी. मुर्झानच्या तोंडावरचा रंग उडाला. तो घाईघाईनं म्हणू लागला की अक्रोडाचं कवच राहिलं असेल, भट्टी जरा जास्त तापली होती, मी नेहमी भिजवूनच... नेवारानं तळहातावर दात काढून ठेवला. बघितला. मग उठली, जावयाचं लांब नाक दोन्ही हातांत धरलं आणि त्याच्या कपाळाचा मुका घेतला.

"जावईबापू, तुमच्यासारखा पाव साऱ्या जगात कुणाला जमायचा नाही," ती म्हणाली, आणि 'साऱ्या'वर लख्ख शीळ वाजली.

मग त्या घरात जी धांदल उडाली ती विचारू नका. इझेल छपरावर चढून गिरकीवर नजर ठेवू लागली: आता घेल्डाच्या कोबीत आहे, आता कोबीची रोपं झाली, आता रोपांचं बी झालं, आता, आई, घेल्डा तुला शिव्या देतेय. मुर्झाननं कोट काढला आणि विचारायच्या आत स्वतःच दातानं दोरा तोडून सर्वांत वरचं बटण काढून दिलं. तेव्हा त्याला बारा वर्षांपूर्वीची ती नजर कळली. क्षणभर त्याचं तोंड पडलं, मग तोच इतका हसला की त्याला उचकी लागली. तुबाकनं नवं झाकण तासलं, बटण शिवलं. मेंढीची हाडं चुलीवर उकळत होती. नेवारानं मूठ सैल सोडून मीठ घातलं, ओशिल घालायची तसं. तुबाकनं चव बघितली आणि तोंड वाकडं केलं.

"मीठ जास्त झालंय."

"आता कुठं बरोबर झालं," नेवारा म्हणाली.

माळाच्या पायथ्याशी, घेल्डाच्या कोबीच्या कडेला, गिरकी गाठली. नेवारानं भांडं शालीनं पोटाशी बांधलं. उजव्या खिशात एकसष्ट अक्रोड मोजून घातले. एक फेरा झाला की एक अक्रोड डाव्या खिशात टाकायचा, म्हणजे डोकं फितूर झालं तरी मोजणी हातांकडे. तुबाक काठापासून दहा पावलांवर उभा होता, त्याच्याच्यानं तिच्याकडे बघवत नव्हतं. एकसष्ट जायचे आणि एकसष्ट यायचे. त्याला काहीतरी मोठं बोलायचं होतं. शेवटी म्हणाला, "सांडू नकोस."

ती पोटात शिरली आणि डावीकडे वळली.

वीसपर्यंत जमीन नुसतीच हलली. गोर्त पैलवान मागं पडला. तिसाला कानात मधमाश्या आल्या. चाळीस आणि पन्नासच्या मध्ये कुठंतरी आभाळ खाली आलं, पाय वर गेले, आपण म्हातारी की पोर, हे कळेना. डोक्यानं दोनदा सांगितलं की झाले एकसष्ट, थांब. पण खिशात बोटांना अक्रोड लागत होते, आणि बोटं खोटं बोलत नाहीत. ती फिरत राहिली. शेवटचा अक्रोड डाव्या खिशात पडला तेव्हा ती गुडघ्यांवर बसली, भांडं पोटाशी घट्ट, आणि जमीन थांबायची वाट बघितली. मग काठावरचे चार फेरे घेऊन तिनं दिवस बरोबर केला. सांडलं नव्हतं.

वाट तीच. घरांवरची छपरं नवी. काही दारांबाहेर, पोर गेलं की ठेवतात तसे, लहान जोडे उलटे करून ठेवले होते. त्या दारांवरून ती खाली मान घालून गेली. मग तिनं आपलंच दार वाजवलं.

दार उघडलं ओशिलनं. तीस-एकतीस वर्षांची, इझेलहूनही लहान, तीन रात्रींच्या जागरणानं नाक लाल, आणि कपाळावर नेहमीचं पीठ. नेवारानं बेत केला होता की शांतपणे भांडं द्यायचं, दोन बरे शब्द बोलायचे, डोळे भरून बघायचं आणि निघायचं. भांडण ठाऊकच होतं. वाटलं होतं, लुटुपुटूचं करू. पण ओशिलनं दारातूनच विचारलं की कोण तू, आम्ही काही मागितलं नाही, आणि झाकण उघडून, बोट बुडवून, नाक उडवून म्हणाली की मीठ जास्त आहे. एकसष्ट वर्षं जपलेला, एकसष्ट फेरे उचलून आणलेला रस्सा, आणि ही कालची पोर त्याला नाक मुरडते. नेवाराच्या अंगाचा तिळपापड झाला. ती अगदी खरीखुरी भांडली. ओशिलनं दाताचा विषय काढला तेव्हा दातावरूनही भांडली. आणि भांडता भांडता पडद्यामागून, कातड्यांखालून, एक बारीक हसू ऐकू आलं. तिच्या शिळेला हसत होती कारटी.

तेवढ्यानं डोळे भरले. धुराचं निमित्त सांगितलं, तेही नीट जमलं नाही.

नाव सांगायचं नव्हतं, तिनं सांगितलं नाही. गाठ बघितल्याशिवाय हलायचं नव्हतं. म्हणून उंबऱ्यापासून चार पावलांवर थांबली आणि अर्ध्या उघड्या दारातून बघत राहिली. ओशिलनं पुटपुटत दोरी ओढली, गाठ मारली, ओढून घट्ट केली. मग काय वाटलं कुणास ठाऊक, पुन्हा बाहेर आली, म्हातारीच्या हातात एक वाळका जर्दाळू जवळजवळ आपटला, आणि म्हणाली, "हळू जा. पाय लटपटतायत तुझे." आणि दार लावलं.

नेवारानं जर्दाळू अक्रोडांबरोबर खिशात टाकला आणि निघाली, इतर कुठल्याही फेऱ्यावरून निघावं तशी.

काठावर चार, पोटात एकसष्ट, उजवीकडे. आता हातात भांडं नव्हतं, तेव्हा मोजायचं काम हातांना दिलं आणि डोक्याला म्हणाली, तुला जायचं तिकडं जा. ते गेलं. कधी नव्हे ते असं गेलं की शेवटचा अक्रोड पडला आणि नेवारा काठाबाहेर धडपडत येऊन तुबाकच्या अंगावर आदळली, तुबाक मागं उभ्या मुर्झानच्या, आणि तिघं मिळून घेल्डाच्या कोबीच्या वाफ्यात. आभाळ, माळ, जावयाचं नाक, सगळं गरगरत होतं. नेवारा हसायला लागली. खळ्यातल्या पोरांसारखी, पोट धरून, शीळ वाजवत. थांबताच येईना. इझेल छपरावरून उतरून धावत आली तर तिलाही हसू आवरेना, आणि घेल्डा कोबीसाठी ओरडत आली ती ओरडता ओरडताच खाली बसली.

"एवढं मजेचं असतं होय हे," नेवारा म्हणाली. "मला कुणी सांगितलं नाही."

मग तिला घरी नेलं. बसायच्या आधी तिनं चौकट धरून उभं राहून दोरीवरची गाठ सोडली. जुनी होती, नखांनी सुटेना. मुर्झाननं दातानं सोडवली. दोरी सरळ झाली. तिनं खिशातून जर्दाळू काढून कोनाड्यात ठेवला नाही, फेकला नाही, तोंडात टाकला आणि राहिलेल्या दातांनी चघळत, नेहमीसारखी, चुलीकडे बघून विचारलं,

"मी जेवले का?"

"नाही," तुबाक म्हणाला. "थोडा रस्सा उरलाय. खारट आहे."